हयातीत दिलेली जमीन

आमच्या मंडळाचे जे सभासद साठी उलटून गेले आहेत, त्यांच्यापैकी कोणीही भेटला की पेरणीपाण्याच्या गोष्टी आटोपल्यावर हळूच एक प्रश्न काढतो: ‘जमीन आता पोराच्या नावाने करून टाकावी काय?’ विचारणाराने आपल्या मनाशी निम्मा निर्णय केलेलाच असतो. आमच्याकडून त्यास केवळ दुजोरा हवा असतो. तो दुजोरा आम्ही देत नाही म्हणून काही मित्र आमच्यावर रुष्टही झाले आहेत. आमचे कारण एकदा सविस्तर सांगावे, यासाठी हा लेख.

बक्षीसपत्रांकडे लोकांचा ओढा का वाढला हे समजण्यास अवघड नाही. महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमात २०१५ साली दुरुस्ती झाली. तेव्हापासून पती, पत्नी, मुलगा, मुलगी, नातू, नात किंवा मृत मुलाची पत्नी यांस राहते घर अथवा शेतजमीन बक्षीस दिली, तर मुद्रांक शुल्क अवघे २०० रुपये पडते. इतर अधिभार व नोंदणीचा खर्च निराळा असला, तरी बाजारभावाच्या शेकडा प्रमाणात शुल्क भरण्याच्या मानाने हा खर्च नगण्य होय. त्याही पूर्वी दानावर स्वतंत्र कर होता, तो १९५८ चा कायदा १ ऑक्टोबर १९९८ पासून निष्प्रभ झाला. सरकारने घरातल्या घरात होणाऱ्या हस्तांतरणावरचा भार उतरविला हे योग्यच केले. परंतु स्वस्ताईचा एक दुर्गुण असा की, जी गोष्ट स्वस्त पडते ती माणूस विचार न करता करतो. दोन हजार रुपयांची गाय घेताना आपण तिचे दात पाहतो, आचळ पाहतो, चार जणांस विचारतो. आणि दहा एकर काळी जमीन दोनशे रुपयांच्या कागदावर देताना तो कागद वाचूनही पाहत नाही!

कागदात काय असते? १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या १२२ व्या कलमाप्रमाणे बक्षीस म्हणजे अस्तित्वात असलेली मालमत्ता स्वखुशीने व मोबदला न घेता दुसऱ्यास देणे, आणि ती त्याने देणाराच्या हयातीत स्वीकारणे. स्थावराच्या बाबतीत १२३ वे कलम नोंदलेला लेख, देणाराची सही व निदान दोन साक्षीदार मागते. एवढे झाले की मालकी गेली. मृत्युपत्रात आणि बक्षीसपत्रात जो भेद आहे तो नेमका येथे आहे. मृत्युपत्र माणूस शेवटच्या श्वासापर्यंत बदलू शकतो. ते त्याच्या पश्चात बोलू लागते. बक्षीसपत्र त्याच दिवशी बोलते, आणि मग देणाराचे बोलणे बंद होते. आमच्या खेड्यांतून मात्र दोन्हींना ‘नावाने करून देणे’ असा एकच शब्दप्रयोग आहे, व निम्मा घोटाळा या शब्दप्रयोगाने केला आहे. ‘नावाने तर केले, पण मी आहे तोवर माझेच आहे’ असे म्हणणारे वृद्ध आम्हांस वारंवार भेटतात. कायदा असे म्हणत नाही.

दिलेले परत घेता येते काय, हा पुढचा प्रश्न. १२६ वे कलम यावर फार कडक आहे. देणाराच्या इच्छेवर अवलंबून नसलेली एखादी विशिष्ट घटना घडली तर बक्षीस रद्द होईल, असे उभयतांनी ठरविले असेल तर ते चालते. किंवा फसवणूक, जबरदस्ती, गैरवाजवी दडपण अशी करार रद्द करण्यास पुरेशी कारणे असतील तर चालते. परंतु ‘माझ्या मनास येईल तेव्हा मी परत घेईन’ अशी अट घातली तर ती देणगीच तेवढ्या अंशाने शून्य ठरते. आणि मन बदलले, मुलाशी पटेनासे झाले, सुनेने दार लावून घेतले, ही कारणे या कलमात कोठेच नाहीत. कित्येक जण रागाच्या भरात दुय्यम निबंधकाच्या कचेरीत जाऊन एकतर्फी रद्दलेख नोंदवून येतात व जमीन परत आली असे समजतात. असा कागद न्यायालयापुढे सहसा टिकत नाही. त्याने फक्त खर्च होतो व घरातील वैर पक्के होते.

आमच्या परिचयातील एका गृहस्थांची हकीकत येथे सांगणे अवश्य आहे. नाव व गाव देत नाही; वर्धा नदीच्या अलीकडचे आहेत एवढे पुरे. स्वकष्टार्जित नऊ एकर जमीन, कापूस व तुरीची. पत्नी वारल्यावर त्यांनी सगळी जमीन दोन्ही मुलांस निम्मी निम्मी बक्षीस दिली. पहिले वर्ष बरे गेले. दुसऱ्या वर्षी कापूस विकला तेव्हा त्यांनी डोळ्याच्या शस्त्रक्रियेसाठी पैसे मागितले. थोरला म्हणाला, धाकट्यास विचारा. धाकटा म्हणाला, थोरल्यास विचारा. तिसऱ्या वेळी मागितले तेव्हा एकाने सातबाऱ्याचा उतारा पुढे केला व ‘बाबा, यात तुमचे नाव कोठे आहे?’ असे विचारले. ते आमच्याकडे आले तेव्हा त्यांच्या पिशवीत बक्षीसपत्राची प्रत होती. आम्ही ती त्यांस प्रथमच वाचून दाखविली. त्यात ‘नैसर्गिक प्रेमापोटी, राजीखुशीने, बिनशर्त व कायमचे’ असे शब्द होते. ‘बिनशर्त’ हा शब्द ऐकून ते म्हणाले, ‘हे मी सांगितले नव्हते.’ त्यांनी सांगितले नव्हते हे खरेच. लिहिणाराने जुन्या कागदावरून उतरून घेतले होते. अखेर गावातील चार जाणत्या मंडळींनी मध्ये पडून वर्षास दोन पोती गहू, डाळ-तेल व दवाखान्याचा खर्च असे ठरवून दिले. गहू मिळतो. दवाखान्याचा खर्च अद्याप तोंडीच आहे.

अशा माणसांसाठी कायद्याने एक दार उघडून ठेवले आहे, ते मात्र सर्वांस ठाऊक नाही. आईवडील व ज्येष्ठ नागरिक यांचा निर्वाह व कल्याण अधिनियम, २००७ याच्या २३ व्या कलमात असे म्हटले आहे की, साठ वर्षे पूर्ण झालेल्या व्यक्तीने, हा कायदा अमलात आल्यानंतर, आपल्या मूलभूत गरजा व शारीरिक सुश्रूषा पुरविण्याच्या अटीवर मालमत्ता बक्षीस अथवा अन्य रीतीने दिली, आणि घेणाराने ती अट पाळली नाही, तर ते हस्तांतरण फसवणुकीने, जबरदस्तीने वा दडपणाने झाले असे समजून न्यायाधिकरणाने ते शून्य ठरवावे. हे न्यायाधिकरण उपविभागीय अधिकाऱ्यांच्या दर्जाचे असते, तेथे वकिलाची गरज नाही, व अर्ज साध्या कागदावर करता येतो. म्हाताऱ्या माणसास दिवाणी न्यायालयाच्या पायऱ्या वर्षानुवर्षे झिजविण्यापेक्षा हे कितीतरी सोयीचे.

पण ‘अटीवर’ या एका शब्दावर सगळे अडते. ६ डिसेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात स्पष्ट सांगितले की, नुसते हस्तांतरण झाले आहे व मुले आता पाहत नाहीत एवढ्याने २३ वे कलम लागू होत नाही. सांभाळण्याची अट होती हे दिसले पाहिजे. तो कागद हक्कसोडीचा होता व त्यात अट नव्हती. आईचा अर्ज टिकला नाही. पुढे २ जानेवारी २०२५ रोजी त्याच न्यायालयापुढे मध्य प्रदेशातील छतरपूर येथील एका मातेचे प्रकरण आले. तिने २०१९ मध्ये मुलास बक्षीसपत्र करून दिले होते, आणि त्याच दिवशी मुलाने, आईवडिलांस सांभाळीन, न सांभाळल्यास बक्षीस परत घ्यावे, अशा अर्थाचे वचनपत्र लिहून दिले होते. उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने अट बक्षीसपत्राच्या पोटात नाही म्हणून आईच्या विरुद्ध निकाल दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो फिरविला, दोन्ही कागद एकत्र वाचले, हा कायदा वृद्धांच्या हितासाठी आहे म्हणून त्याचा अर्थ उदारपणे लावला पाहिजे असे म्हटले, आणि मालमत्तेचा ताबा आईस परत देवविला. वाचकांनी हे दोन निकाल शेजारी शेजारी ठेवून पाहावे. पहिल्या आईकडे एकही ओळ लिहिलेली नव्हती. दुसरीकडे एक चिठ्ठी होती. न्यायालयाची उदारता कितीही वाढली तरी ती कोणत्या तरी कागदावरच उभी राहणार.

येथे आमच्या शेतकरी बांधवांचा खरा अडथळा येतो, आणि तो कायद्याचा नाही. तो लाजेचा आहे. ‘पोटच्या पोरास अट कशी घालावी? लोक काय म्हणतील? पोरास काय वाटेल?’ हा आक्षेप आम्ही हसण्यावारी नेत नाही. त्यात मायेचा अंश आहे. परंतु थोडा विचार करावा. सालदार ठेवताना आपण गुढीपाडव्यास धान्य किती, कपडे किती, सुट्ट्या किती हे ठरवितो. ते ठरविल्यामुळे सालदाराचा अपमान होत नाही, उलट वर्षभर बोलाचाली होत नाही. जमीन मक्त्याने देताना धुरा कोणी राखायचा हेही बोलतो. मग ज्या व्यवहारात आपले उर्वरित आयुष्य गुंतले आहे तो तेवढा अबोल राहावा हे कोणते शहाणपण? शिवाय अट मुलाच्याही हिताची असते. उद्या बहिणींनी अथवा भावाने ‘तू बापास फसवून लिहून घेतलेस’ असा आरोप केला, तर ‘सांभाळण्याच्या अटीवर दिले व मी सांभाळले’ हे त्याचे उत्तर कागदावरच तयार असते. जो मुलगा सांभाळणारच आहे त्याचे अटीने काही जात नाही. जो अटीचे नाव काढताच फुरंगटतो, त्याच्या फुरंगटण्यातून बापाने जे समजायचे ते सही करण्यापूर्वीच समजून घ्यावे.

अटी घालणे ही इंग्रजी कायद्याने शिकविलेली संशयी वृत्ती आहे, असेही कोणी म्हणेल. तसे मुळीच नाही. आमच्या धर्मशास्त्रात दिलेल्या वस्तूविषयीचे वाद हे व्यवहाराचे एक स्वतंत्र पदच मानले आहे. नारदस्मृतीने देय व अदेय, दत्त व अदत्त असा चौपदरी विचार केला. कुटुंबाचे भरणपोषण होऊन जे उरेल तेच देण्यास योग्य, असे तिचे मत. आणि अदेय वस्तूंच्या गणनेत सामाईक मालमत्तेबरोबरच, संतती असताना आपले सर्वस्व, हेही धरले आहे. भयाने, क्रोधाने, शोकाच्या भरात, फसवणुकीने दिलेले ते दिलेच नाही असे ती मानते. शोकाच्या भरात दिलेले! वरील गृहस्थांनी पत्नीच्या निधनानंतर तीन महिन्यांच्या आत कागद केला होता, याची आम्हांस हे वाचताना आठवण झाली. सर्वस्व देऊ नये हा विचार पाश्चात्त्यांकडून आलेला नाही. तो आमच्या आजोबांच्याही आजोबांचा आहे.

मग द्यावे कसे? आमची सूचना अशी. सगळी जमीन देऊ नये; विहिरीजवळचा, रस्त्यालगतचा, निदान आपल्या पोटापुरता तुकडा स्वतःच्या नावावर राखावा. जे द्यावयाचे त्याच्या कागदात हयातीपर्यंतचा उपभोग, म्हणजे पीक व उत्पन्न घेण्याचा हक्क, देणाराने व त्याच्या पत्नीने स्वतःकडे ठेवावा. असे केल्यास बक्षीस अपुरे राहते अशी एक समजूत आहे. ती चुकीची होय. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली सांगितले आहे की, नोंदलेल्या व स्वीकारलेल्या बक्षिसास ताबा देणे आवश्यक नाही, आणि देणाराने हयातभर उपभोग राखला म्हणून बक्षीस अवैध होत नाही. मात्र शब्दांत सावधानता हवी. ‘मालकी आजच दिली, उपभोग हयातभर माझा’ असे लिहिणे निराळे, आणि ‘माझ्या मृत्यूनंतर हे बक्षीस अमलात येईल’ असे लिहिणे निराळे. दुसऱ्या प्रकारचा कागद देणाराच्या हयातीत पूर्ण बक्षीस ठरत नाही, असा २०१८ चा निकाल आहे. तो ना धड बक्षीसपत्र, ना धड मृत्युपत्र. त्याच कागदात सांभाळण्याची अट लिहावी: अन्न, वस्त्र, राहती खोली, औषधोपचार, आणि ठराविक रक्कम महिन्यास. ‘सांभाळ करीन’ असे मोघम शब्द पुरेसे समजू नयेत. आणि घेणाराने स्वीकार केल्याची सही त्याच दिवशी घ्यावी. देणाराच्या हयातीत स्वीकार झाला नाही तर सगळेच व्यर्थ.

घुग्घुस परिसरातील आम्हां शेतकऱ्यांस या गोष्टीचा आणखी एक पैलू आहे, तो विदर्भाच्या इतर भागांतील वाचकांस एकदम लक्षात येणार नाही. आमच्या जमिनीखाली कोळसा आहे. १९५७ च्या कोळसाक्षेत्र संपादन कायद्याने जमीन एकदा निहित झाली की ती आमची राहत नाही, मग वरचा सातबारा कोणाच्याही नावाचा असो. जे खाली आहे त्याच्यावर आमचा हक्क कधीच नव्हता; ऑगस्ट २०२२ मध्ये घुग्घुसच्या आमराई वॉर्डात जुन्या भूमिगत खाणीच्या भागावरचे एक राहते घर पाहता पाहता जमिनीत गडप झाले, तेव्हा हे सर्वांनी डोळ्यांनी पाहिले. तर, कोल इंडियाच्या २०१२ च्या पुनर्वसन धोरणात दोन एकर जमिनीमागे एक नोकरी असा हिशेब आहे. नोकरीऐवजी एकरकमी रक्कम किंवा हप्त्याहप्त्याने उत्पन्न असेही पर्याय आहेत. खाण येणार अशी नुसती कुणकुण लागली तरी घरोघरी बेत सुरू होतात. मुलाच्या नावाने दोन एकर करून टाकावे, त्यास नोकरी लागेल, घर सुखी होईल.

नोकरी लागली तर घर सुखी होते हे आम्ही नाकारीत नाही. अशी अनेक घरे आमच्या शेजारी आहेत. पण हिशेब पुरता मांडावा. बापाने दोन एकर दिले. मुलास साठ वर्षांपर्यंत पगार मिळाला. मोबदलाही सातबाऱ्यावरील नावाप्रमाणे मुलाच्याच खात्यात जमा झाला. आणि मुलगा वसाहतीत राहावयास गेला. आता बापाने २३ व्या कलमाखाली अर्ज केला व बक्षीस रद्द झाले असे धरून चालू. परत काय येणार? जेथे शेत होते तेथे आता खोल खड्डा व मातीचे ढिगारे आहेत. कागद शून्य होईल, धुरा परत येणार नाही. म्हणून खाणपट्ट्यातील शेतकऱ्याने बक्षीसपत्रात एक वाक्य अधिक लिहावे: ही जमीन संपादित झाल्यास मोबदल्याचा इतका हिस्सा देणाराचा, व नोकरी लागल्यास पगारातून दरमहा इतकी रक्कम देणारास व त्याच्या पत्नीस. २००७ च्या कायद्याखाली न्यायाधिकरण निर्वाहाची रक्कम ठरवून देऊ शकते, पण मूळ कायद्याने तिची कमाल मर्यादा दरमहा १०,००० रुपये घातली आहे. आपण आपसांत ठरविलेल्या रकमेस तशी मर्यादा नाही.

आमच्याच विभागात देण्याचा एक निराळा नमुना घडला आहे. गडचिरोली जिल्ह्याच्या धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गोंडांच्या गावाने २०१३ साली, महाराष्ट्र ग्रामदान अधिनियम १९६४ याचा आधार घेऊन, आपली खाजगी शेतजमीन ग्रामसभेस दान केली. विनोबाजींनी १८ एप्रिल १९५१ रोजी पोचमपल्लीस पहिले भूदान स्वीकारले त्या चळवळीचाच हा पुढचा टप्पा. ग्रामदानाची आम्हांस आवडलेली गोष्ट अशी की, मालकी गावाकडे गेली तरी कसणारा आपल्या शेतातून उठत नाही. कसण्याचा हक्क कुटुंबाकडे व पुढे वारसांकडे चालतो. फक्त ती जमीन बाहेरच्यास विकून टाकता येत नाही. दान दिले, पण नांगर हातचा सोडला नाही. सर्व गावांनी ग्रामदान करावे असे आमचे म्हणणे नाही. आमच्या बागायतदार मित्रांस ते मानवणारही नाही. परंतु अशिक्षित म्हणून ज्यांची आपण कीव करतो, त्यांनी देताना जी सावधगिरी दाखविली, ती आम्ही सातबारा वाचणारे लोक दाखवीत नाही, हे कबूल केले पाहिजे.

आता वडिलोपार्जित जमिनीविषयी. वर जे सांगितले ते स्वतःच्या मालकीच्या जमिनीस लागू. एकत्र कुटुंबाची जमीन एकट्या बापास बक्षीस देता येत नाही. सहदायकाने आपला अविभक्त हिस्सा इतरांच्या संमतीवाचून बक्षीस दिला तर ते शून्य, असे १९८७ पासून ठरलेले आहे. आणि एप्रिल २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ‘प्रेमापोटी’ दिलेले बक्षीस हे धर्मकृत्य नव्हे, म्हणून कर्त्यास ते अधिकारात नाही, असे सांगून ते रद्द केले. मुलीस विवाहप्रसंगी वा नंतर वाजवी अंश देण्यास मात्र १९६४ च्या निकालाने मुभा आहे. तेव्हा वडिलोपार्जित जमिनीचा सरळ मार्ग म्हणजे सर्वांच्या संमतीने वाटणी, आणि तहसीलदारांकडे जमीन महसूल संहितेच्या ८५ व्या कलमाप्रमाणे अर्ज.

सर्वांच्या संमतीने, असे आम्ही म्हटले. या ‘सर्वां’त मुली येतात. महाराष्ट्राने १९९४ मध्ये, केंद्राने ९ सप्टेंबर २००५ पासून मुलीस जन्मतः सहदायक केले, आणि ११ ऑगस्ट २०२० च्या निकालाने बाप त्या दिवशी हयात असो वा नसो, तिचा हक्क कायम झाला. प्रत्यक्षात काय घडते? दिवाळीत भाऊबीजेस बहिणी माहेरी येतात, आणि दुसऱ्या दिवशी त्यांस गाडीत बसवून कचेरीत नेतात. हक्कसोडपत्रावर अंगठा किंवा सही होते. साडी मिळते. आमच्या मते या खेड्यांत दरवर्षी होणारे सर्वांत मोठे दान हेच होय, आणि त्याची कोणी दान म्हणून गणनाही करीत नाही! जी बहीण समजून उमजून, भावाची अडचण पाहून हक्क सोडते, तिच्यास आमचा नमस्कार असो. पण १२२ व्या कलमातील ‘स्वखुशीने’ हा शब्द ज्यास बापाच्या बाबतीत महत्त्वाचा वाटतो, त्यास तो बहिणीच्या बाबतीतही वाटला पाहिजे. तिला कागद वाचून दाखविला काय? किती एकर, कोणता गट, आजचा भाव काय, हे सांगितले काय? खाणीत जमीन गेली तर भावास काय मिळणार आहे, हे सांगितले काय? हे न सांगता घेतलेली सही पुढे न्यायालयात भावासच जड जाते. माहेरचा दरवाजाही त्या दिवसापासून निम्माच उघडा राहतो.

बाकीच्या बंधनांचा उल्लेख थोडक्यात करतो, कारण त्यांपैकी प्रत्येकावर पूर्वी अन्यत्र लिहिले गेले आहे. आदिवासीची जमीन बिगर आदिवासीस बक्षीस देता येत नाही. १९७४ च्या दुरुस्तीनंतर ३६-अ कलमाखाली शासनाच्या मान्यतेने जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी लागते. भोगवटादार वर्ग दोन असे सातबाऱ्यावर लिहिले असेल तर आधी परवानगी, मग कागद. भूदानात मिळालेली जमीन वारसांस जाते, बक्षीस देता येत नाही. विदर्भाच्या १९५८ च्या कूळ कायद्याप्रमाणे शेतकरी नसलेल्यास शेतजमीन बक्षीस देण्यासही मनाई आहे. आणि १९४७ च्या तुकडेबंदी कायद्याचे भान तर ठेवलेच पाहिजे. मुसलमान बांधवांचे हिबा मात्र १२९ व्या कलमाने या प्रकरणातून वगळले आहेत. तेथे घोषणा, स्वीकार व ताबा ही तीन अंगे महत्त्वाची, आणि ताबा न देता केलेला हिबा अडचणीत येतो.

कर्जाविषयी एक शब्द. सोसायटीचे पीककर्ज असताना जमीन देऊ नये. बोजा आधी उतरवावा. आणि जो सर्वस्व घेतो त्याच्यावर १२८ व्या कलमाने देणाराची त्या वेळची सगळी देणी येतात, मिळालेल्या मालमत्तेच्या मर्यादेपर्यंत. मुलांनी हेही लक्षात ठेवावे. शिवाय पी. एम. किसान योजनेच्या मूळ नियमांत १ फेब्रुवारी २०१९ ही तारीख धरली आहे, आणि त्यानंतर नाव बदलल्यास मृत्यूमुळे आलेल्या वारसाखेरीज नव्या खातेदारास लाभ नाही असे ठेवले आहे. म्हणजे त्या तारखेनंतर सगळी जमीन बक्षीस देणारा बाप खातेदार राहिला नाही म्हणून वगळला जाईल, व मुलगा वारसाने आला नाही म्हणून वगळला जाईल. वर्षाचे ६,००० रुपये कोणासच नाहीत! कागद करण्यापूर्वी हा नियम आज कसा चालतो, ते तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे विचारून घ्यावे.

सरकारकडे आमची एक मागणी आहे. विवाहनोंदणीत वधूवरांस समोर उभे करून विचारतात. तसे साठ वर्षांवरील देणारास दुय्यम निबंधकाने क्षणभर मुलांपासून बाजूस घेऊन दोनच प्रश्न विचारावेत. आज सही केल्यावर ही जमीन तुमची राहणार नाही, हे ठाऊक आहे काय? आणि, सांभाळण्याची अट घालायची आहे काय? उत्तर कागदावर नोंदवावे. यास नवा कायदा लागत नाही, एक परिपत्रक पुरे. अधिकाऱ्यांचा वेळ जाईल हे खरे. पण प्रांताच्या कचेरीत त्याच प्रकरणांवर पुढे जो वेळ जातो त्याच्या मानाने तो फार थोडा.

आमच्या मंडळाने आपल्या परीने एक काम हाती घ्यावे असे आम्हांस वाटते. ज्या सभासदांनी गेल्या दहा वर्षांत बक्षीसपत्रे अथवा हक्कसोडपत्रे केली, त्यांनी नावे, गट क्रमांक व क्षेत्र झाकून त्यांच्या मजकुराची प्रत मंडळाकडे पाठवावी. किती कागदांत ‘बिनशर्त’ हा शब्द आहे आणि किती कागदांत हयातीचा उपभोग राखला आहे, एवढे तरी कळेल. व त्यावरून जाणत्या वकिलांकडून आमच्या भाषेत, आमच्या परिस्थितीस धरून, एक नमुना तयार करवून या मासिकात छापता येईल. ज्यांचे कागद अजून व्हावयाचे आहेत त्यांनी तोवर थांबावे. अक्षय्यतृतीयेचा मुहूर्त चुकला तर पुढच्या वर्षी पुन्हा येतो. प्रती कार्यालयात समक्ष आणून दिल्या तरी चालतील. सोमवारी, आठवडी बाजारातून परतताना, कोणीतरी तेथे असतेच.